कर्मवीर दादासाहेब गायकवाड आणि बौद्धांच्या दाखल्याचा लढा

दिनांक २९ डिसेंबर हा कर्मवीर दादासाहेब गायकवाड यांचा स्मृतिदिन. १९७१ साली याच दिवशी परमपूज्य बाबासाहेबांचा हा निष्ठावंत सहकारी काळाच्या पडद्याआड गेला. दादासाहेबांचे नाव निघाले की दोन गोष्टी सर्वांना आठवतात, एक नाशिकचा काळाराम मंदिर सत्याग्रह आणि दुसरी भूमिहीनांचा देशव्यापी लढा. त्यांनी हाताळलेला तिसरा प्रश्न मात्र सभा-संमेलनांत फारसा बोलला जात नाही, आणि आज आपल्या घराघरांत अडतो तो हाच प्रश्न आहे. बुद्धाला शरण गेलेला माणूस सरकारच्या दप्तरात कोण, त्याला जातीचा दाखला मिळतो की नाही, आणि मिळाला तर त्यावर काय लिहायचे, हा तो प्रश्न.

अँटॉप हिल, वडाळा, शिवडी, नायगाव या भागांत राहणाऱ्या उपासक-उपासिकांना हा प्रश्न नवा नाही. रविवारची वंदना आटोपली, मुले पांगली, की कोणीतरी पिशवीतून शाळा सोडल्याचा दाखला काढतो आणि विचारतो, आम्ही दीक्षा घेतली तर मुलाची सवलत जाईल का? विचारणारा भित्रा असतो असे मुळीच नाही. त्याच्या मागे पन्नास-साठ वर्षांचा कडू अनुभव असतो. तो अनुभव कुठून आला आणि त्यातून वाट कशी निघाली, हे दादासाहेबांच्या चरित्रातून जितके स्पष्ट होते तितके कायद्याच्या पुस्तकातून होत नाही. म्हणून या अंकात त्यांचे चरित्र या अंगाने सांगत आहोत.

भाऊराव कृष्णाजी गायकवाड यांचा जन्म १५ ऑक्टोबर १९०२ रोजी नाशिक जिल्ह्यातील दिंडोरी तालुक्यात आंबे या गावी एका महार कुटुंबात झाला. त्या काळच्या महाराच्या घरात जे असे ते त्यांच्याही घरी होते. गावची वेठ होती, वतनाच्या नावाखाली रात्रंदिवसाची राबणूक होती आणि त्या बदल्यात चार दाणे व शिवीगाळ. बाबासाहेब त्यांच्याहून अकरा वर्षांनी मोठे. पुढे बाबासाहेबांचा ज्या मोजक्या माणसांशी सातत्याने पत्रव्यवहार होता त्यांत भाऊरावांचे नाव अग्रभागी आहे. चळवळीचे बारीकसारीक काम, पैशाची चणचण, कोण विश्वासाचा आणि कोण नाही, हे सारे बाबासाहेब त्यांना मोकळेपणाने लिहीत. ही पत्रे पुढे छापली गेली.

२ मार्च १९३० रोजी नाशिकला काळाराम मंदिर प्रवेशाचा सत्याग्रह सुरू झाला. सत्याग्रह समितीचे चिटणीस भाऊराव होते. त्या वेळी त्यांचे वय अवघे सत्तावीस. हजारो माणसे रांगेने मंदिराकडे निघाली आणि मंदिराचे दरवाजे बंद झाले. दुसऱ्या दिवशी पुरुषांबरोबर स्त्रियांनीही दरवाजांपुढे ठाण मांडले. रामनवमीला रथ ओढण्यावरून दगडफेक झाली, माणसे रक्तबंबाळ झाली. नाशिक जिल्ह्यातल्या खेडोपाडी महारांवर बहिष्कार पडले. हे एक-दोन महिने चालले असते तर लोकांनी सोसले असते, पण ते वर्षानुवर्षे चालले. तुरुंगात जाणाऱ्यांची नावे ठरवणे, त्यांच्या मागे घरच्यांच्या पोटाची सोय पाहणे, पुन्हा नवी तुकडी तयार करणे, हे सारे भाऊरावांच्या शिरावर होते. भाषणे करणारे पुष्कळ असतात, पण लढा टिकतो तो अशा माणसामुळे.

मार्च १९३४ मध्ये बाबासाहेबांनी भाऊरावांना एक महत्त्वाचे पत्र लिहिले. मंदिरात जाऊन मूर्तीपूजक व्हावे किंवा हिंदू समाजाचा एक भाग बनावे या हेतूने आपण हा सत्याग्रह केला नव्हता, दलितांना जागे करण्याचा तो एक मार्ग होता, आणि आता शक्ती शिक्षणाकडे व राजकारणाकडे वळवावी, असा त्याचा आशय होता. पुढच्याच वर्षी, १३ ऑक्टोबर १९३५ रोजी, नाशिक जिल्ह्यातच येवल्याला बाबासाहेबांनी हिंदू म्हणून न मरण्याची घोषणा केली. पाच वर्षे ज्या दारावर डोके आपटले त्या दाराकडे आता पाठ फिरली. वाचकांनी हा धागा ध्यानात ठेवावा. अस्पृश्य म्हणून हिंदूंच्या देवळात ज्यांना पाऊल टाकू दिले नाही, त्याच लोकांना पुढे वीस-पंचवीस वर्षांनी सरकारी कचेरीत सांगण्यात आले की तुम्ही हिंदू नाही, म्हणून तुम्ही अनुसूचित जातीचे नाही.

१९३७ च्या निवडणुकीत स्वतंत्र मजूर पक्षातर्फे भाऊराव मुंबई विधानसभेत गेले. महार वतनाचा प्रश्न बाबासाहेबांनी तिथे मांडला होता आणि भाऊराव त्याच्या पाठीशी होते. वतन म्हणजे जमिनीचा तुकडा गळ्यात अडकवून माणसाला गावाचा कायमचा नोकर करणे. ते नष्ट व्हायला १९५८ चा कायदा यावा लागला. या वतनाची आणि गावच्या दप्तराची एक गंमत पुढे सांगायची आहे. तिच्यात हसण्यासारखे मात्र काही नाही.

१४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात बाबासाहेबांनी धम्मदीक्षा घेतली आणि लाखो लोकांना दिली. मुंबईचा दीक्षा समारंभ डिसेंबरात व्हायचा होता. त्या आधीच ६ डिसेंबरला दिल्लीत बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण झाले. ७ तारखेला दादरच्या समुद्रकाठी अंत्यसंस्कार झाले. आज जिथे चैत्यभूमी आहे तिथे त्या संध्याकाळी माणसांचा महासागर लोटला होता. लोक ढसाढसा रडत होते. अशा वेळी कोणाला काही सुचणे कठीण. दादासाहेबांना मात्र सुचले. मुंबईच्या लोकांना दीक्षा देण्याची बाबासाहेबांची इच्छा अपुरी राहू नये म्हणून त्यांनी भदंत आनंद कौसल्यायन यांना विनंती केली, आणि चितेच्या साक्षीने जमलेल्या लाखो लोकांनी त्रिशरण-पंचशील घेतले. दादर, परळ, नायगाव, वडाळा या भागांतल्या कितीतरी बौद्ध घराण्यांची दीक्षा त्या संध्याकाळची आहे. तिथे कसली पावती नव्हती, नोंदवही नव्हती, साक्षीदाराची सही नव्हती. त्या पिढीला त्याची गरजही वाटली नाही.

गरज पुढे पडली. १० ऑगस्ट १९५० रोजी राष्ट्रपतींनी अनुसूचित जातींची यादी जाहीर करणारा आदेश काढला होता. त्याच्या तिसऱ्या परिच्छेदात एक अट घातली होती. हिंदूहून वेगळा धर्म मानणारा माणूस अनुसूचित जातीचा समजला जाणार नाही, अशी ती अट. शिखांतल्या काही जातींना त्यातून सूट होती. सप्टेंबर १९५६ मध्ये संसदेने दुरुस्ती केली आणि शीख धर्म मानणाऱ्या अनुसूचित जातींना सरसकट त्यात घेतले. ते योग्यच झाले. पण पुढच्याच महिन्यात नागपूरला दीक्षा झाली आणि बौद्ध त्या दुरुस्तीच्या बाहेर राहिले.

अँटॉप हिलच्या माणसाला हे समजावून सांगायला लांब जावे लागत नाही. वसाहतीच्या एका अंगाला कोळीवाड्याचे स्टेशन, ज्याला आज गुरू तेगबहादूर नगर म्हणतात. फाळणीनंतर आलेली पंजाबी आणि शीख कुटुंबे तिथे वसली. शीख झालेल्या दलिताला केंद्र सरकार अनुसूचित जातीचा मानीत होते आणि हाकेच्या अंतरावर राहणाऱ्या बौद्धाला मानीत नव्हते. दोघांच्याही आज्याने गावकुसाबाहेरचेच जिणे भोगले होते. धर्म बदलला म्हणून अस्पृश्यतेचा चटका गेला नाही, हे एकाच्या बाबतीत कबूल आणि दुसऱ्याच्या बाबतीत नाकबूल, याला न्याय कसा म्हणावा?

आणखी एक विसंगती पाहा. घटनेच्या २५ व्या कलमाच्या स्पष्टीकरणात हिंदू या शब्दात शीख, जैन व बौद्ध यांचा समावेश केलेला आहे. १९५५ चा हिंदू विवाह कायदाही बौद्धांना लागू आहे. म्हणजे लग्नाला, वारसाला बौद्ध हा हिंदू, आणि शिष्यवृत्तीला, नोकरीला, राखीव जागेला मात्र तो हिंदू नाही!

हा वाद न्यायालयात गेल्याशिवाय राहिला नाही. दोन खटले आपल्या लोकांनी माहीत करून घेण्यासारखे आहेत. पहिला १९५४ चा, चतुर्भुज विठ्ठलदास जसानी विरुद्ध मोरेश्वर परशराम या नावाचा. भंडारा लोकसभा मतदारसंघातल्या राखीव जागेसाठी गंगाराम ठवरे या महार उमेदवाराने अर्ज भरला होता. ते महानुभाव पंथात गेलेले होते. पंथ बदलला म्हणून ते महार उरले नाहीत, असा आक्षेप घेण्यात आला. सर्वोच्च न्यायालयाने तो मानला नाही. नव्या पंथात गेल्याने त्यांचा जुन्या समाजाशी असलेला संबंध तुटला का, समाजाने त्यांना टाकले का, ते स्वतःला काय म्हणवून घेत होते, हे न्यायालयाने पाहिले आणि ते महारच असल्याचा निर्णय दिला.

दुसरा खटला पंजाबराव विरुद्ध डी. पी. मेश्राम. १९६२ च्या विधानसभा निवडणुकीत विदर्भातील एका राखीव जागेवरून डॉ. मेश्राम निवडून आले. ते बौद्ध झालेले आहेत, सबब ती जागा लढवण्यास अपात्र आहेत, अशी तक्रार झाली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले आणि १९६५ च्या निकालसंग्रहात छापले गेले. धर्म मानणे म्हणजे तो उघडपणे, लोकांना कळेल अशा रीतीने जाहीर करणे, असा अर्थ न्यायालयाने लावला. दीक्षेचा अमुकच विधी झाला पाहिजे असेही नाही, माणसाने जाहीरपणे बौद्ध म्हणवून घेतले की पुरे. घटनेच्या २५ व्या कलमातले स्पष्टीकरण त्या कलमापुरतेच आहे, राष्ट्रपतींच्या आदेशातला हिंदू हा शब्द मर्यादित अर्थाचा आहे, असेही न्यायालयाने म्हटले. मेश्रामांची निवड रद्द ठरली.

पहिल्या खटल्यात पंथ बदलूनही माणूस जातीत राहिला, दुसऱ्यात धर्म बदलताच बाहेर पडला. न्यायाधीशांना दोष देऊन उपयोग नव्हता, आदेशाचे शब्दच तसे होते. शब्द बदलायचे तर संसदेत जावे लागणार. आणि संसदेत दादासाहेब होते.

१९५७ मध्ये संयुक्त महाराष्ट्र समितीच्या लाटेत शेड्युल्ड कास्ट फेडरेशनतर्फे ते नाशिकहून लोकसभेवर निवडून आले. त्याच वर्षी ३ ऑक्टोबरला नागपुरात रिपब्लिकन पक्षाची स्थापना झाली. १९६२ ते १९६८ ते राज्यसभेत होते. अनुसूचित जातींचा विषय निघाला की बौद्धांच्या सवलतींचा प्रश्न ते काढीत. त्यांची मांडणी साधी होती. धर्म बदलल्याने माणसाच्या मनातली गुलामी जाते, पण घरात धान्य येत नाही, गावची विहीर खुली होत नाही, सावकार कर्ज माफ करीत नाही. सवलती ज्या दारिद्र्यामुळे आणि ज्या छळामुळे दिल्या ते दोन्ही जसेच्या तसे असताना सवलत काढून घेणे म्हणजे धर्मांतराबद्दल दंड करणे होय.

या दंडाची भीती किती खोल होती हे समजून घेतले पाहिजे. १९५१ च्या जनगणनेत आजच्या महाराष्ट्राच्या मुलखात बौद्ध अडीच हजारांच्या आसपास होते. १९६१ मध्ये ते २७ लाखांच्या वर गेले. हा आकडा अभिमानाचा खराच. पण दीक्षा घेऊनही कागदावर हिंदू महार राहिलेले लोक त्यात नाहीत, आणि तसे लोक थोडे नव्हते. घरात बुद्धाची तसबीर, ओठांवर त्रिशरण, आणि शाळेच्या रजिस्टरात मुलाच्या नावापुढे हिंदू महार, अशी दुहेरी अवस्था शहरात व खेड्यात सर्वत्र होती. त्यांना नावे ठेवणारे आजही भेटतात. पण ज्याच्या मुलाची शिष्यवृत्ती एका शब्दावर टांगलेली होती त्याला नावे ठेवण्याचा अधिकार, ज्याच्या घरी शिष्यवृत्तीची गरजच नव्हती त्याला कोणी दिला?

१९६० मध्ये महाराष्ट्र राज्य झाले आणि यशवंतराव चव्हाणांच्या सरकारने बौद्धांना राज्यापुरत्या शिक्षणाच्या व नोकरीच्या सवलती चालू केल्या. दादासाहेबांच्या आणि रिपब्लिकन पक्षाच्या रेट्याचा त्यात मोठा वाटा होता. नवबौद्ध हा शब्द सरकारी कागदावर रुळला तो याच काळात. आपल्यापैकी पुष्कळांना हा शब्द खटकतो, आणि ते स्वाभाविक आहे. बुद्धाला शरण गेलेला माणूस बौद्ध, त्यात नवा-जुना काय? पण हा शब्द शासनाच्या हिशोबासाठी आहे हे ओळखून तो कागदापुरता ठेवावा, विहारात आणू नये.

राज्याने दिले, केंद्राने दिले नाही. याचा परिणाम मुंबईत विचित्र झाला. अँटॉप हिलला केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांची मोठी वसाहत आहे, आणि आसपास रेल्वे, गोदी, टपाल खात्यात काम करणारी माणसे राहात आली आहेत. एकाच घरातले दोन भाऊ, दोघेही बौद्ध. एक राज्य सरकारच्या कचेरीत लागला, त्याचा बौद्ध म्हणून दाखला चालला. दुसऱ्याने रेल्वेत अर्ज केला, त्याचा तोच दाखला चालेना. त्याने एकतर राखीव जागेवर पाणी सोडावे, नाहीतर हिंदू म्हणून लिहून द्यावे. रोज सकाळी बावीस प्रतिज्ञा आठवणाऱ्या माणसाला कचेरीत जाऊन असे लिहून देताना काय वाटत असेल? आणि लिहून दिलेच, तर मेश्रामांच्या खटल्याची टांगती तलवार डोक्यावर होतीच. कोणी वैऱ्याने तक्रार केली की हा तर जाहीरपणे बौद्ध म्हणवून घेतो, की नोकरी धोक्यात.

१९५९ मध्ये दादासाहेबांनी खानदेश, नाशिक, नगर या भागांत भूमिहीनांचा सत्याग्रह केला होता. १९६४ मध्ये त्यांनी तो देशव्यापी केला. ऑक्टोबरात दिल्लीला संसदेवर मोर्चा नेऊन पंतप्रधान लालबहादूर शास्त्रींना मागण्यांची सनद देण्यात आली. पडीक जमीन भूमिहीनांना द्या, किमान वेतन द्या, महागाई रोखा, अशा गरिबांच्या रोजच्या मागण्या तीत होत्या. त्याच सनदेत बाबासाहेबांचे तैलचित्र संसदेच्या मध्यवर्ती सभागृहात लावावे आणि बौद्धांना अनुसूचित जातींच्या सवलती द्याव्यात याही मागण्या होत्या. ६ डिसेंबर १९६४ ला, महापरिनिर्वाण दिनी, सत्याग्रह सुरू झाला. महाराष्ट्र, उत्तर प्रदेश, पंजाब अशा अनेक राज्यांत लाखो माणसे तुरुंगात गेली. बायका कडेवर पोरे घेऊन गेल्या. नाशिकच्या शांताबाई दाणी यांच्यासारख्या कार्यकर्त्या आघाडीवर होत्या. तुरुंग अपुरे पडले.

या लढ्यात दादासाहेबांची दूरदृष्टी दिसते असे आम्हाला वाटते. सवलतींचा प्रश्न त्यांनी एकटा मांडला असता तर बौद्ध फक्त नोकऱ्या मागतात असे म्हणायला विरोधक मोकळे होते. त्यांनी तो जमिनीच्या आणि भाकरीच्या प्रश्नाशेजारी ठेवला. मग बौद्धेतर भूमिहीनही त्या मागणीच्या पाठीशी उभे राहिले. हिंदू मांग, हिंदू चांभार, आदिवासी हे ज्या सनदेखाली तुरुंगात गेले तीत बौद्धांच्या दाखल्याची मागणी होती.

शास्त्रींनी आश्वासने दिली, सत्याग्रह मागे घेण्यात आला. जमिनीबाबत काही ठिकाणी काम झाले, पुष्कळ ठिकाणी झाले नाही. २ एप्रिल १९६७ ला संसदेच्या आवारात बाबासाहेबांचा पुतळा उभा राहिला. सवलतींचा प्रश्न केंद्राने तसाच लोंबकळत ठेवला.

दादासाहेबांच्या अखेरच्या वर्षांबद्दल मतभेद आहेत. पक्षात फूट पडली, १९६७ च्या सुमारास त्यांनी काँग्रेसशी समझोता केला, १९६८ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. समझोता अनेक तरुणांना पटला नाही. त्यांच्या मृत्यूनंतर पाचच महिन्यांनी, मे १९७२ मध्ये, दलित पँथरचा जन्म झाला. अँटॉप हिलपासून जवळच वडाळ्याला असलेले सिद्धार्थ विहार वसतिगृह हे त्या तरुणांचे बसण्या-उठण्याचे ठिकाण होते. समझोत्याने समाजाच्या पदरात जेवढे पडायला हवे होते तेवढे पडले नाही, हे खरे आहे. पण तुरुंग, मोर्चे आणि फुटक्या चपलांचा प्रवास यांत आयुष्य घातलेल्या माणसाला केवळ त्या एका निर्णयाच्या मापाने मोजणे आम्हाला न्यायाचे वाटत नाही.

आता पुढची हकिकत, जी पाहायला ते उरले नाहीत. १९९० साली विश्वनाथ प्रताप सिंह पंतप्रधान असताना, एप्रिल महिन्यात बाबासाहेबांचे तैलचित्र संसदेच्या मध्यवर्ती सभागृहात लागले. त्याच वर्षी जूनमध्ये १९५० च्या आदेशात दुरुस्ती होऊन हिंदू आणि शीख यांच्या जोडीला बौद्ध हा शब्द आला. १९६४ च्या सनदेतल्या दोन मागण्या २६ वर्षांनी, एकाच वर्षात पुऱ्या झाल्या. अँटॉप हिलच्या दोन भावांपैकी रेल्वेतल्या भावाची तेव्हा निवृत्ती जवळ आली असेल.

तेव्हा दीक्षा घेऊ इच्छिणाऱ्या कुटुंबांनी हे नीट समजून घ्यावे. मूळ जात अनुसूचित जातींच्या यादीत असेल, मग ती महार असो, मांग असो, चांभार असो, तर बौद्ध झाल्याने अनुसूचित जातीचा हक्क आज राज्यातही जात नाही आणि केंद्रातही जात नाही. आदिवासी कुटुंबांच्या बाबतीत तर ६ सप्टेंबर १९५० च्या अनुसूचित जमातींच्या आदेशात धर्माची अट पहिल्यापासूनच नाही. म्हणून भीतीपोटी अर्जात हिंदू लिहिण्याचे आता काही कारण उरलेले नाही. धर्माच्या रकान्यात बौद्ध लिहावे.

अडचण आता दुसरीकडे आहे. दाखला मूळ जातीच्या नावावर मिळतो. ज्या बापाने १९५६ नंतर अभिमानाने मुलाच्या नावापुढे फक्त बौद्ध लिहिले, जातीचा रकाना रिकामा ठेवला, त्याच्या नातवाला आज विचारतात, मूळ जात कोणती, पुरावा काय? १९९४ मध्ये कुमारी माधुरी पाटील खटल्यात, जो मुंबईतल्याच महादेव कोळी जमातीच्या दाव्यावरून निघाला होता, सर्वोच्च न्यायालयाने दाखल्यांच्या तपासणीसाठी समित्या नेमण्याचे आदेश दिले. महाराष्ट्राने त्यासाठी कायदा केला, तो २००१ पासून अमलात आहे. त्या कायद्याने पुराव्याचे ओझे अर्जदारावर टाकले. खोटे दाखले घेऊन खऱ्या आदिवासींच्या, खऱ्या दलितांच्या जागा लाटणारे पुष्कळ निघाले होते, त्यामुळे तपासणी हवीच होती. २०१७ मध्ये तर सर्वोच्च न्यायालयाने असे ठरवले की दाखला अवैध ठरला की नोकरीची कितीही वर्षे झालेली असोत, त्या दाखल्यावर मिळालेला लाभ टिकत नाही. पण चोरासाठी बसवलेल्या जाळ्यात कागद नसलेला प्रामाणिक माणूसही अडकतो.

अनुसूचित जातीसाठी १० ऑगस्ट १९५० च्या सुमारास आपले वाडवडील कुठे राहात होते ते दाखवावे लागते. मुंबईतल्या बहुतेक कुटुंबांचे मूळ रत्नागिरी, सातारा, नाशिक, नगर असे गावाकडचे. म्हणून अँटॉप हिलच्या माणसाला दाखल्यासाठी अनेकदा गावचा तालुका गाठावा लागतो. आजोबांचा शाळेचा दाखला असेल तर उत्तम. आजोबा शाळेतच गेले नसतील, आणि बहुतेक गेले नाहीत, तर गावच्या जन्ममृत्यूच्या नोंदवहीची, म्हणजे कोतवाल बुकाची, नक्कल काढावी लागते. जुन्या वतनाच्या नोंदी, फेरफार यांतही जात लिहिलेली सापडते. वर ज्याचा उल्लेख केला ती गंमत ही. ज्या वतनातून सुटण्यासाठी बाबासाहेबांनी आणि दादासाहेबांनी हयात घालवली, ज्या नोंदीत आपल्या पणजोबाचे धड पूर्ण नावही लिहिलेले नसते, नुसते एकेरी नाव आणि पुढे महार, तीच नोंद आज नातवाला हक्क मिळवून देते. म्हणून दीक्षेच्या उत्साहात कोणीही जुने कागद फाडू नयेत. देव्हाऱ्यातले देव विसर्जन करा, पेटीतले कागद करू नका. मुलाच्या शाळेच्या नोंदीत धर्म बौद्ध आणि सोबत मूळ जात, अशी दोन्ही नोंद राहील याची खातरी प्रवेशाच्या दिवशीच करावी, नंतर दुरुस्ती करणे फार त्रासाचे होते. बापाचा, चुलत्याचा वैधता दाखला असेल तर त्याची प्रत घरातल्या प्रत्येकाकडे असावी.

२००४ साली महाराष्ट्र सरकारने भूमिहीन कुटुंबांना चार एकर जिरायत किंवा दोन एकर बागायत जमीन देण्याची एक योजना काढली. तिला कर्मवीर दादासाहेब गायकवाड सबळीकरण व स्वाभिमान योजना असे नाव दिले. योजना अनुसूचित जाती व नवबौद्ध यांच्यासाठी आहे, आणि अर्जासोबत जोडायच्या कागदांत जातीचा दाखला आहे.